फुटामागे एक सूत

मी कॉलनी सोडली त्या दिवशीही अण्णा पहिल्या पाळीला गेले होते. मुलगी अमेरिकेला निघालीय, एक दिवस रजा टाकली असती तर कारखाना काही बंद पडला नसता, असं आई सकाळपासून तीनदा म्हणाली. कारखाना पुढे बंद पडलाच, पण त्याला अण्णांची रजा कारण नव्हती. तीनचा भोंगा झाला आणि दहा मिनिटांत त्यांची सायकल दाराशी आली. कोपरापर्यंत सागवानाचा भुसा, कानाला पेन्सिल. हातपाय न धुता ते माझी मोठी बॅग दोरीने आवळायला बसले, कारण विमानात बॅगा फुटतात असं त्यांना शॉपमध्ये, म्हणजे कारखान्यातल्या त्यांच्या खात्यात, कुणीतरी सांगितलं होतं.

त्याच आठवड्यात त्यांच्यापेक्षा सहा वर्षांनी ज्युनियर माणूस पॅटर्न शॉपचा फोरमन झाला होता. अण्णा त्याचे पेढे खाऊन आले, वर आमच्यासाठी चार कागदात बांधून घेऊन आले. ते पेढे माझ्या डोक्यात गेले होते. तेवीस वर्षांची होते, तोंडाला लगाम नव्हता. अण्णा दोरीला गाठ मारत होते आणि मी म्हणाले, "अण्णा, तुमच्यासारखं एकाच शॉपमध्ये आयुष्य नाही काढायचं मला. म्हणून चाललेय."

आई लोणच्याची बरणी हातात धरून तशीच उभी राहिली. अण्णांनी गाठ पुरी केली, ओढून तपासली. मग कपाटातून त्यांची स्टीलची पट्टी काढली, फडक्याने पुसली आणि बॅगेच्या बाहेरच्या कप्प्यात सरकवली. "हिच्यातला फूट मोठा आहे, विसरू नकोस," म्हणाले. "फुटामागे एक सूत." ट्रॅक्स गाडी आली. मी मागच्या सीटवर बसले आणि कॉलनीच्या गेटपर्यंत मागे वळून पाहिलं नाही.

हे मी तुम्हा कॉलनीवाल्यांसाठी लिहितेय. भोंगा बंद होऊन क्वार्टर्स रिकामी होईपर्यंत तिथेच राहिलेल्यांसाठी आणि माझ्यासारख्या आधीच सटकलेल्यांसाठीही. पण माझी मुलगीही कधीतरी हे कुणाकडून तरी वाचून घेईल, म्हणून तुम्हाला माहीत असलेल्या दोनचार गोष्टी मी पुन्हा सांगणार आहे. कंटाळू नका.

आमचा कारखाना मनमाडच्या पुढे, माळरानावर. सरकारी. मोठे पंप बनवायचा. पंपाचं लोखंडी अंग ओतायचं तर आधी हुबेहूब तसंच लाकडाचं करावं लागतं. ते लाकूड वाळूत दाबायचं, काढून घ्यायचं, आणि वाळूत उरलेल्या पोकळीत वितळलेलं लोखंड ओतायचं. लोखंड थंड होताना आकसतं. म्हणून लाकूड मुळातच थोडं मोठं करायचं, फुटाला एक सूत, म्हणजे इंचाचा आठवा भाग. दरवेळी गणित करत बसायला नको म्हणून पॅटर्न शॉपच्या पट्टीवर फूटच तेवढा मोठा आखलेला असतो. अण्णांनी तेहतीस वर्षं जगातली प्रत्येक वस्तू त्या पट्टीने मोजली. आमच्या घरातलं देवाचं मखर दर गणपतीत कोनाड्यात अडकायचं, ते त्यामुळेच.

मीही अडकले. अमेरिकेतल्या पहिल्या सेमिस्टरला आर्ट स्कूलमध्ये मी चार फुटी लाकडी चौकटी केल्या, त्यावर कापड ताणून प्रोजेक्शन करायचं होतं. कापड बाहेरून कापून आणलेलं. एकही चौकट बसेना. माझी प्रोफेसर, फार सभ्य बाई, तिने टेप लावला आणि म्हणाली, सगळ्या चौकटी अर्ध्या इंचाने चुकल्यात, पण सगळ्या अगदी सारख्याच चुकल्यात, हे कसं काय केलंस? मी तिला पट्टी दाखवली. तिने ती दोन्ही हातांत धरून उजेडात पाहिली आणि माझ्या ग्रेडचं काही बोललीच नाही. मी अपार्टमेंटवर जाऊन रडले. चौकटींसाठी नाही. निघताना बोललेलं आठवलं म्हणून. पण फोन केला तेव्हा हवापाण्याचं बोलले आणि ठेवला. त्यानंतरची तीस वर्षंही अशीच गेली म्हणा ना. विषय निघालाच नाही.

या तीस वर्षांत मी काय केलं, तर काँक्रीट शूट केलं. हसू नका. पूर्व युरोपात समाजवादी सरकारांनी गावोगाव बांधलेली सांस्कृतिक भवनं, कामगारांचे हॉल, बसस्टँड. कुणाला आता ती नकोत, पाडायलाही कुणी तयार नाही. मी तिथे जाते, महिना महिना राहते, भिंती शूट करते आणि म्हाताऱ्या माणसांना विचारते की इथे काय काय व्हायचं. मग परत येऊन मिशिगनमधल्या एका कॉलेजात शिकवते. नवरा गाड्यांच्या कंपनीत इंजिनियर, त्यामुळे घर नोव्हायला. इथल्या मंडळात काकू लोक विचारतात, तू फिल्म काढतेस ना, मग एखादी लग्नाची का नाही काढत? त्यांचंही बरोबर आहे. बर्फात उभं राहून चाळीस मिनिटं एक भिंत दाखवणारी बाई शेजारी राहते, ही काही फार सांगण्यासारखी गोष्ट नाही.

त्या परक्या गावांत मला कधी परकं वाटलं नाही, कारण काँक्रीटवर फळ्यांचे वळ असतात. ओतताना ज्या लाकडी साच्यात ते भरतात, ज्याला आपल्याकडे सेंट्रिंग म्हणतात, त्या फळीची नस न् नस काँक्रीटवर उमटते. आमच्या कॉलनीतल्या भवनाच्या भिंतीवर तेच वळ होते. लहानपणी मी त्यांवरून बोट फिरवत सिनेमाच्या रांगेत उभी राहायचे.

आमचं भवन म्हणजे कॉलनीच्या मधोमध उभा काँक्रीटचा मोठा खोका. ड्रॉइंग कारखान्याला यंत्रं देणाऱ्या परदेशी इंजिनियरांनी आणलं होतं, बांधलं आपल्याच माणसांनी. तिथे युनियनच्या सभा, रविवारचा सिनेमा, हळदीकुंकू, लसीकरण, सगळं एकाच हॉलमध्ये. आणि बाहेरच्या दर्शनी भिंतीवर सोळा फुटी कामगार. तो भिंतीतून पुढे आलेला नव्हता, भिंतीत आत गेलेला होता, माणसाच्या आकाराची पोकळीच म्हणा. त्याच्या पोटरीच्या खळग्यात आम्ही पोरं उभी राहायचो, कोण किती वाढलं ते बघायला. आणि त्याचा हातोडा डाव्या हातात होता. म्हणून कॉलनीत त्याचं नाव डावरेसाहेब. "चारला डावरेसाहेबांपाशी ये," असं सगळे म्हणायचे.

डावरेसाहेबांचे लाकडी साचे अण्णांनी केले होते. आणि मी डावखुरी. आई मला सांगायची, तुझ्यासाठीच अण्णांनी त्याला डावखुरा केलाय. मी चार वर्षांची असताना भवन झालं, तेव्हा हे जमणारं होतं. आमच्या शाळेत डाव्या हाताने लिहिणाऱ्या एकाही पोराने मार खाल्ला नाही, हे तुम्ही आजही अभिमानाने सांगता. बाकी सगळ्या गावांत छड्या खायचे. आपली कॉलनी पुढारलेली होती, असं तुमचं म्हणणं. माझं म्हणणं त्याहून साधं होतं, माझ्या बापाने माझ्यासाठी सोळा फुटी माणूस केला. परदेशात एकटं राहायला तेवढं पुरतं. फेलोशिपच्या अर्जातही मी हेच लिहिलं होतं, खोटं कशाला बोलू.

मागच्या वर्षी बातमी आली की जागा विकली गेली, तिथे गोदामं होणार, भवन पाडणार. मी शंभर परक्या भवनांपुढे ट्रायपॉड लावला होता, आपल्या भवनाची माझ्याकडे काय ते सोळा फोटो आणि आईच्या हळदीकुंकवाची एक अंधुक व्हिडिओ कॅसेट. दिव्याखाली अंधार. लगेच जाऊन पाच दिवस शूट केलं. अण्णा आता चौऱ्याऐंशीचे, नाशिकला धाकट्या भावाकडे असतात, आई जाऊन आठ वर्षं झाली. त्यांना कॅमेऱ्यापुढे बसवलं तर पाच मिनिटं सागवान आणि देवदार यातला फरक सांगून म्हणाले, पुरे.

मग मी मेमध्ये नेपरव्हिलला आले. अमेरिकेतले आपण कॉलनीवाले दरवर्षी लाँग वीकेंडला तिथल्या एका क्लबहाउसमध्ये जमतो. नोव्हायहून पाच तास ड्राइव्ह, प्लेनोवाले तर विमानाने येतात. आणि दुपारी तीनला कुणीतरी फोनवर रेकॉर्ड केलेला भोंगा वाजवतो. भोंगा झाला की हातातलं टाकून सगळे चहाला उठतात, पत्त्यांचा डाव कितीही रंगात असो. आपली इथे वाढलेली मुलं याला कल्ट म्हणतात. त्या वर्षी मी चहानंतर प्रत्येकाच्या हातात कागद आणि पेन्सिल दिली आणि सांगितलं, एकमेकांचं न बघता भवन काढा.

एकोणीस कागद आले. कुणाच्या पायऱ्या पाच, कुणाच्या अकरा. एकाने कारंजं काढलं, जे नव्हतंच. त्यावरून तो आणि त्याची बायको जेवेपर्यंत भांडत होते. डावरेसाहेब मात्र सगळ्यांचे सारखे, हातोडा डावीकडे. फक्त एका कागदावर तो उजव्या हातात होता. तो कागद सोनवणे काकांचा.

सोनवणे काका म्हणजे तेव्हाचे सिव्हिल सुपरवायझर, भवनाचं सगळं काँक्रीट त्यांच्या डोळ्यांपुढे ओतलं गेलं. आता लेकीकडे नेपरव्हिलला सहा महिने आणि पुण्याला सहा महिने. मला वाटलं वयाने गोंधळ झाला असेल. मी हळूच म्हणाले, काका, तो डावखुरा होता ना? त्यांनी चष्मा काढून पुसला.

"माझं चुकलेलं नाही," ते म्हणाले. "ड्रॉइंगमध्ये तो असा होता."

कॅमेरा चालू होता. मी बंद केला नाही, आणि काकांनीही करायला सांगितलं नाही. त्यांनी जे सांगितलं ते थोडक्यात असं. ड्रॉइंगमधला कामगार उजव्या हाताचा, आणि भिंतीतून चार बोटं पुढे आलेला. लाकूडकामाला कॉलनीत अण्णांइतका हात कुणाचा नव्हता, म्हणून काम त्यांना दिलं. अण्णांनी तोवर फक्त फाउंड्रीचं, म्हणजे लोखंडाच्या ओतकामाचं, काम केलेलं. त्यांनी सवयीने कामगार जसा हवा तसाच लाकडात कोरला, फुगीर, उजव्या हाताचा. फाउंड्रीत ते बरोबर असतं, कारण मध्ये वाळू असते, एकदा उलटं होतं आणि पुन्हा सुलटं होतं. काँक्रीटला मध्ये वाळू नसते. ते थेट लाकडावर पडतं. सेंट्रिंग उघडलं तेव्हा माणूस भिंतीत आत गेलेला आणि डावा झालेला. करायला गेलो गणपती आणि झाला मारुती, असं काका म्हणाले. वर तो ड्रॉइंगपेक्षा दोन इंच उंच भरला. मापं त्या पट्टीची होती, आणि काँक्रीट काही लोखंडासारखं आकसत नाही. डोक्यावरच्या बीमची कड दोन इंच छिलावी लागली.

जीएम साहेब आले, बघून लालेलाल झाले. मंत्री उद्घाटनाला यायचे होते, बारा दिवस राहिले होते. साहेबांनी सरळ विचारलं, फोडून पुन्हा ओतायचं तर नवे साचे किती दिवसांत देशील? दिलेस तर विषय इथेच संपला, कागदावर काही येणार नाही. अण्णा म्हणाले, जमणार नाही. काकांनी त्यांना बाजूला घेऊन सांगितलं की अरे, तू सहा दिवसांत करशील, मला माहीत नाही का? अण्णा पुन्हा म्हणाले, जमणार नाही. मग मेमो निघाला, सर्व्हिस फाइलला लागला. वर्षभराने ते फोरमन होणार होते, ते राहिलं. नंतर प्रत्येक वेळी फाइल उघडली की तो मेमो वर यायचा.

"का नाही म्हणाला ते मला कधी सांगितलं नाही त्याने," काका म्हणाले. "विचार तूच."

मी विचारलं नाही. नोव्हायला परत आले आणि तीन महिने फिल्म एडिट केली, त्यात काकांचा कागद ठेवला नाही आणि बोलणंही ठेवलं नाही. अण्णा नाशिकच्या फ्लॅटमध्ये येणाऱ्याजाणाऱ्याला, अगदी गॅसवाल्यालासुद्धा, भिंतीवरचा भवनाचा फोटो दाखवतात आणि सांगतात, हे मी केलं. आयुष्यात मिरवायला एवढं एकच आहे त्यांच्याकडे. ते मी जगापुढे मांडायचं, की बघा, ही चूक होती? आपलेच दात आणि आपलेच ओठ. झाकली मूठ सव्वा लाखाची म्हणतात, ती मी का उघडू? असं मी स्वतःला समजावत होते. खरं कारण दुसरं होतं, आणि ते मला लाजिरवाणं वाटत होतं. चूक असेल तर तो माणूस माझ्यासाठी केलेला नव्हता. पन्नाशी उलटली तरी मला ते सोडवत नव्हतं.

माझी मुलगी ईरा चोवीस वर्षांची आहे, डेट्रॉइटजवळ फिजिओथेरपिस्ट आहे. मराठी समजतं, उत्तरं इंग्रजीत. एका शनिवारी ती जेवायला आली आणि तिने एडिट बघितली. मग हार्ड डिस्कवर काकांची फाइल दिसली, तीही बघितली. मी भांडी घासत होते. ती मागे येऊन उभी राहिली आणि म्हणाली, हे काढून टाकलंस तर मग फिल्म कशाबद्दल आहे, काँक्रीटबद्दल? मी म्हणाले, हो, काँक्रीटबद्दल. ती म्हणाली, यू डोंट बिलीव्ह दॅट. मी नळ मोठा सोडला.

दुसऱ्या दिवशी रविवार, आमची सकाळ आणि त्यांची संध्याकाळ, अण्णांचा व्हिडिओ कॉल. ईरा त्यांचा उजवा खांदा सांभाळते, म्हणजे स्क्रीनवरून व्यायाम करून घेते. हात भिंतीवरून वर सरकवा, आजोबा, अजून थोडा, गुड. दहा वेळा झालं. मग तिने त्याच आवाजात, माझ्याकडे न बघताच, विचारून टाकलं.

"आजोबा, डावरेसाहेब... वॉज ही अ मिस्टेक?"

मला तिच्या हातातून आयपॅड ओढून घ्यावासा वाटला. अण्णा खुर्चीत बसले, पाणी प्याले.

"सोनवण्या बोलला वाटतं," ते म्हणाले. रागावलेले दिसत नव्हते. "चूक म्हणजे शंभर टक्के चूक. फाउंड्रीचा माणूस मी, डोक्यात वाळू. कोरताना एकदासुद्धा मनात आलं नाही. फळ्या काढल्या तेव्हा कळलं."

 ईरा म्हणाली, बट दे सेड यू कुड फिक्स इट.

 अण्णांनी मला विचारलं, तुला रिबीन आठवते का? मला एक लाल रिबीन आठवते, पण कुठली ते आठवत नाही, असं मी म्हणाले. ते म्हणाले, त्या आठवड्यात बालवाडीच्या बाईंनी तुझा डावा हात रिबिनीने बाकाला बांधला होता, उजव्याने लिहावं म्हणून. तू दोन दिवस घरी काही बोलली नाहीस. तिसऱ्या दिवशी चड्डी ओली करून आलीस, कारण सोडा म्हणायची भीती वाटली. मी शाळेत गेलो. बाई म्हणाल्या, तुमच्या कारखान्यात डाव्या हाताचा कामगार चालतो का? मी तसाच कामावर गेलो. आणि चार दिवसांनी फळ्या काढल्या तर समोर हा. सोळा फूट.

"चूक चुकून झाली," अण्णा म्हणाले. "ठेवली मुद्दाम."

ईराला मुद्दाम म्हणजे काय ते समजलं नाही. तिने माझ्याकडे पाहिलं. ऑन पर्पज, मी सांगितलं.

पुढचं अण्णा जरा खुशीतच सांगत होते. मंत्री आले, त्यांनी शिडीवर चढून डावरेसाहेबांना हार घातला, फोटो पेपरात आला. मंत्र्याने हार घातलेल्या माणसाला बाई काय बोलणार? सोमवारी अण्णा मला घेऊन शाळेत गेले, बाईंना नमस्कार केला आणि माझ्या डाव्या हातात पेन्सिल दिली. एवढंच. मेमोबद्दल, फोरमन होण्याबद्दल त्यांनी एक अक्षर काढलं नाही. ते मीच मनात जोडत होते. सहा वर्षांनी ज्युनियर असलेल्या माणसाचे पेढे जोडले, बॅगेची दोरी जोडली, एकाच शॉपमध्ये आयुष्य जोडलं. ते ज्या शॉपमध्ये अडकले ते माझ्यामुळे अडकले होते, आणि ते मीच त्यांना तोंडावर ऐकवून विमानात बसले होते.

"अण्णा," मी म्हणाले, "निघताना मी तुम्हाला जे बोलले होते..." 

त्यांनी मला ते वाक्य पुरं करू दिलं नाही. "तेव्हा तापलेली होतीस," म्हणाले. "गरम असताना माप मोठंच दिसतं. फुटामागे एक सूत मी तेव्हाच धरलं होतं. नाहीतर पट्टी कशाला दिली असती?"

ईरा उठून आत गेली, तिला काय समजलं आणि काय नाही ते मी विचारलं नाही. मी बराच वेळ रडले, आणि अण्णा कॉल न तोडता बसून राहिले, मध्येच चहा मागवून प्याले. शेवटी मी विचारलं, फिल्ममध्ये घालू का हे? ते म्हणाले, घाल की. पन्नास वर्षं झाली, आता कोण मेमो देतंय? मग कॉल ठेवताना परत थांबवलं. "आणि सोनवण्याला सांग, सहा दिवस म्हणतो तो. चार लागले असते मला."

भवन हिवाळ्यात पाडलं. भावाने विचारलं होतं, अण्णांना शेवटचं बघायला नेऊ का. अण्णा म्हणाले, बघितलेलं आहे. मला व्हिडिओ आला, तो मी एकदा पाहिला. पोकळी पडताना काही वेगळी दिसत नाही, भिंतीसारखीच पडते.

मला इथे नेहमी विचारतात, होम कुठे आहे. पूर्वी मी कॉलनीचं नाव सांगायचे आणि मग ती कुठे आहे ते समजावण्यात पाच मिनिटं जायची. आता कॉलनी नाही, टाइप टूचं आमचं क्वार्टर नाही. नोव्हायचं घर आहे, त्याच्या गराजमध्ये माझ्या चौकटी आहेत, मुलीचे जुने स्केट्स आहेत, ते घरच आहे, नाही कशाला म्हणू. पण मनात घर म्हटलं की मला ती खोली दिसते. मी तापून काहीतरी बोलतेय आणि समोरचा माणूस ते थंड झाल्यावर केवढं उरेल तेवढंच ऐकतोय. मलाही ईराचं बोलणं तसं ऐकता यायला हवं. अजून नीटसं येत नाही.

या वर्षीच्या मेमध्ये फिल्म नेपरव्हिललाच पहिल्यांदा दाखवली, काकांच्या बोलण्यासकट. कारंजेवाला आणि त्याची बायको सोडता कुणी कशाला हरकत घेतली नाही. डावरेसाहेब ही चूक होती हे ऐकल्यावर प्लेनोहून आलेली वर्गातली एक डावखुरी मैत्रीण म्हणाली, असू दे, मी तरी त्या चुकीवरच लिहायला शिकले.

फिल्मच्या आधी सकाळी मी एक काम केलं होतं. क्लबहाउसचं छत बुटकं, सोळा फूट मावणं शक्य नव्हतं. म्हणून डावरेसाहेबांचा फक्त खालचा अर्धा भाग, पावलांपासून कमरेपर्यंत, जमिनीला टेकवून भिंतीवर प्रोजेक्ट करायचं ठरवलं, अगदी खऱ्या मापात. अण्णांची पट्टी नेली होती. भिंतीवर पेन्सिलने आठ वेळा मोजून खूण केली आणि प्रोजेक्टर मागेपुढे करून चित्र त्या खुणेला भिडवलं. भिंतीवर फळ्यांचे वळ दिसत होते. लोक आले तसे एकेक जण जाऊन पोटरीच्या खळग्यात उभा राहिला. पन्नाशीची माणसं, पोटं सुटलेली, अंगावर उजेड घेऊन. आपली मुलं बघत होती आणि त्या दिवशी त्यांनी कल्ट वगैरे काही म्हटलं नाही. ईराही उभी राहिली. ती कॉलनीत कधीच राहिली नव्हती, पण तिचं डोकं बरोबर गुडघ्यापाशी आलं.

सोनवणे काका काठी टेकत शेवटी आले. त्यांनी खळग्यात उभं राहायच्या आधी दहा पावलं मागे जाऊन भिंत नजरेने मोजली, शेवटी सुपरवायझरच. मोठा वाटतोय, म्हणाले. ईराने क्लबहाउसच्या टूलबॉक्समधला टेप आणून लावला. आठ फूट एक इंच. आई, इट्स अॅन इंच टू बिग, ती म्हणाली. काकांनी माझ्याकडे पाहिलं, मग माझ्या हातातल्या पट्टीकडे पाहिलं, आणि खोकला येईपर्यंत हसले.

"ड्रॉइंगमध्ये आठ आहे," ते म्हणाले. "किती वेळ लागेल दुरुस्त करायला?"

प्रोजेक्टर दोन बोटं पुढे सरकवला असता की झालं असतं.

"जमणार नाही, काका," मी म्हणाले.